म्हणजे चकोल्याच की

"आजी, आज आमच्याकडे कॅसरोल केलंय," लेक व्हिडिओ कॉलवर म्हणाली आणि माझ्या शेजारी बसलेल्या आईनं चष्मा वर सरकवला.

"केलंय? अगं, तो विकत मिळतो."

आईचं काही चुकलं नव्हतं. आमच्याकडे कॅसरोल म्हणजे पोळ्यांचा डबा. बाहेरून प्लॅस्टिक, आतून स्टील, झाकणावर गुलाबाची फुलं. आमच्या लग्नात असे तीन आले होते. त्यातला एक अजून चालू आहे, फक्त झाकण दुसऱ्याचं आहे आणि ते बसत नाही. त्यामुळे मिनियापोलिसमध्ये शिकणाऱ्या नातीनं सकाळी उठून पोळ्यांचा डबा कसा काय 'केला' हे आईला कळेना.

मग लेकीनं कॅमेरा फिरवून काचेचं एक चौकोनी भांडं दाखवलं. वर बटाट्याच्या छोट्या छोट्या लोडांची ओळीनं मांडणी, सगळं खरपूस तपकिरी. ती तिघींबरोबर भाड्याच्या घरात राहते. त्यातली एक तिथल्याच, मिनेसोटातल्या खेड्यातली. तिच्या गावात याला कॅसरोलही म्हणत नाहीत, हॉटडिश म्हणतात. फडताळात आणि फ्रीजरमध्ये जे पडून असेल ते घ्यायचं: मशरूमच्या दाट सूपचा डबा, गोठवलेले मटार किंवा फरसबी, नूडल्स नाहीतर भात, खाणाऱ्यांसाठी खिमा. सगळं एका भांड्यात कालवायचं, वर बटाटा नाहीतर चीज, आणि पाऊण तास ओव्हनमध्ये. कोणाकडे मयत झालं, बाळ झालं, चर्चमध्ये जेवण असलं की प्रत्येक घरातून असं एक भांडं येतं. आणि महिना संपत आला की चौघींचं दोन दिवसांचं जेवण यातच निघतं.

ती सूपच्या डब्याचं कौतुक सांगायला लागली. ते दाट सूप कॅम्पबेल कंपनीनं १९३४ साली बाजारात आणलं, म्हणजे ऐन मंदीत. सूप म्हणून ते कोणी फारसं प्यायलं की नाही देव जाणे, पण पांढरा सॉस करत बसायची बायकांची कटकट त्यानं वाचवली. फरसबीचं जे कॅसरोल तिथे थँक्सगिव्हिंगच्या सणाला घरोघरी होतं, तेही १९५५ साली याच कंपनीच्या स्वयंपाकघरात डॉर्कस रायली नावाच्या बाईंनी बसवलेलं. आणि वरचे ते बटाट्याचे लोड म्हणजे मुळात फ्रेंच फ्राइज कापताना उरणारा चुरा. तो गुरांना घालण्यापेक्षा दाबून तळला आणि विकला. ही कल्पना मला भलतीच आवडली. आपल्याकडे उरलेल्या पोळ्यांचा कुस्करा करतात, पण तो पाकिटात घालून जगभर विकायचं कोणाला सुचलं नाही.

आई सगळं शांतपणे ऐकत होती. भांडं एक, फडताळातलं सामान, पीठ-बटाट्यानं पोट भरायचं, भाजी असली तर असली, आणि माणूस वाढलं तरी अडत नाही.

"म्हणजे चकोल्याच की," ती म्हणाली, आणि विषय संपला.

*

माझा मात्र संपला नाही. चकोल्या या शब्दानं मी सरळ बार्शीच्या आमच्या जुन्या घरात जाऊन पडलो.

हा शब्द आमच्या घरात आईनं आणला. ती नगरकडची. बार्शीला माझी आजी या पदार्थाला वरणफळं म्हणायची आणि 'चकोल्या' ऐकलं की नाक मुरडायची. पदार्थ तोच: आंबटगोड आमटीत शिजवलेले कणकेचे तुकडे. पण आजीच्या मते वरणफळांत फळं दिसली पाहिजेत, म्हणजे छोटी पुरी लाटून तिला चिमटे काढून आकार द्यायचा. पोळी लाटून तिच्या शंकरपाळ्या कापणं हा आळस. आई सून म्हणून ऐकून घ्यायची आणि शंकरपाळ्याच कापायची. पुढे आजीनंही चिमटे सोडले, शब्द मात्र सोडला नाही. एकाच पातेल्यातून आजी वरणफळं जेवायची आणि आम्ही चकोल्या.

विदर्भातही वरणफळंच म्हणतात. कोणी डाळफळं म्हणतं. गुजराती लोकांची दाळढोकळी हीच, गोडाकडे झुकणारी, शेंगदाणे घातलेली. हुलग्याच्या पिठाच्या वळ्या करून शिजवलेले शेंगोळे हे यांचेच रांगडे चुलतभाऊ, आणि थंडीत तर ते चकोल्यांच्या तोंडात मारतील. कुठल्या गावात पहिल्यांदा झालं वगैरे वाद मला निरर्थक वाटतो. घरात डाळ आहे, पीठ आहे आणि पोळ्या लाटून त्या भाजत बसायला वेळ, सरपण किंवा उत्साह यांतलं काहीतरी कमी आहे, एवढं जुळलं की हा पदार्थ आपोआप होतो.

आमच्या घरी तो महिन्याच्या पंचविशीनंतर व्हायचा. अण्णा जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक. पगार एक तारखेला, पण एक तारीख कधी तीनला उजाडायची तर कधी सातला. भाजी रोजची, रोख पैशाची. डाळ मात्र वर्षाची. हे गणित आजच्या मुलांना सांगावं लागतं. तुरीचं पीक निघतं डिसेंबर-जानेवारीत, बाजारात आवक वाढली की भाव उतरतो. बार्शी म्हणजे डाळीच्या गिरण्यांचं गाव, तरीही आजीचा गिरणीच्या डाळीवर विश्वास नव्हता. फेब्रुवारी-मार्चमध्ये अख्खी तूर घरी यायची. ती भिजवायची, तेलाचा हात द्यायचा, उन्हात खडखडीत वाळवायची आणि जात्यावर भरडायची. डाळ वेगळी, चुणी वेगळी. चुणी शेजारच्या म्हशीला, त्या बदल्यात ताक. मग डाळीला एरंडेल चोळून ती पत्र्याच्या उंच डब्यात. कीड लागू नये म्हणून. शिजवण्याआधी गरम पाण्यानं दोनदा धुवायची, नाहीतर पहिल्या घासाला पोटातल्या पोटात सूचना मिळायची.

गहूही तसेच, कडुनिंबाचा पाला घालून कोठीत. लाल मिरची, मसाला, चिंच, गूळ वर्षाचे. म्हणजे हातात दमडी नसली तरी चकोल्यांचं सगळं सामान घरात असायचं. ते आधीच कधीतरी, हातात पैसे असताना, विकत घेऊन ठेवलेलं असायचं. स्वस्त जेवण म्हणतात ते बहुतेक वेळा असंच असतं, त्याचे पैसे आगाऊ भरलेले असतात. ज्याला वर्षाचं धान्य एकदम घेता येत नाही, ज्याला रोज पावशेर डाळ आणावी लागते, त्याला तीच चकोली जास्त महाग पडते. आमच्या गल्लीच्या टोकाला हमालांची चार घरं होती. ती माणसं आमच्याहून जास्त राबायची आणि डाळीला आमच्याहून जास्त भाव द्यायची.

*

लेकीच्या फोननंतर दोन दिवसांनी मी चकोल्या करायला घेतल्या. नोकरी सोडल्यापासून मी अधूनमधून स्वयंपाकघरात लुडबुड करतो. बायको म्हणते, तू करतोस ते ठीक, आवरतोस ते जास्त ठीक. आईला विचारलं, प्रमाण काय?

"अंदाज."

आईचं सगळं अंदाजपंचे. शेवटी वजनकाटा काढला आणि तिचा अंदाज मोजला. तिची एक वाटी डाळ म्हणजे दोनशे ग्रॅम. कणीक दीड वाटी म्हणाली, भरली ती दोन वाट्या, तीनशे ग्रॅमच्या आसपास. त्यात एक चमचा बेसन, हळद, मीठ, चोळून घातलेला ओवा आणि चमचाभर तेल. पीठ पोळीच्या कणकेहून घट्ट. सैल भिजवलंत तर आमटीत विरघळून खळ होते, आणि मग भिंतीला कागद चिकटवण्याशिवाय तिचा उपयोग नाही.

डाळ मऊ शिजवून घोटायची. चिंच डाळीबरोबर शिजायला टाकायची नाही, हे आई दर वेळी सांगते, जणू मी नुकताच जन्मलो आहे. आंबट आधी पडलं की डाळ शिजत नाही, टचटचीत राहते. फोडणीत मोहरी, जिरं, हिंग, ठेचलेला लसूण सढळ हातानं, कढीपत्ता, हळद. मग घोटलेली डाळ, काळा मसाला, चिंचेचा कोळ, गुळाचा खडा, मीठ. आणि पाणी. इथे नवशिक्याची छाती होत नाही. आमटी डोळ्यांना चक्क पांचट दिसेपर्यंत पाणी घालायचं, सहा-सात वाट्या. कारण पुढे कणीक ते सगळं पिणार आहे.

आमटी खळखळ उकळली पाहिजे, तरच पोळीचे तुकडे सोडायचे, तेही दोन-दोन, चार-चार, वेगवेगळ्या जागी. उकळत्या पाण्यात पडल्या पडल्या तुकड्याचा वरचा पापुद्रा आवळतो आणि मग तो दुसऱ्याला चिकटत नाही. मी पहिल्यांदा सगळं ताट एकदम उपडं केलं. पाच मिनिटांनी डाव घालून पाहिला तर पातेल्यात एकच चकोली होती, किलोभराची.

"पिंड झाला," आई म्हणाली. "आता कावळा शिवायची वाट बघ."

दुसऱ्या प्रयत्नात जमलं. दहा-बारा मिनिटं शिजवून, वर कोथिंबीर, ताटात तुपाची धार, शेजारी सोलापुरी शेंगांची चटणी. गहू आणि डाळ एकत्र खावी असं आहारशास्त्र म्हणतं. गव्हात जे लायसिन कमी पडतं ते डाळीत असतं, आणि डाळीत जे मिथायोनिन कमी ते गव्हात. आजीला हे माहीत असतं तर तिनं तेही सुनेला ऐकवलं असतं.

मी हिशेबही केला. मास्तरचा मुलगा, हिशेब सुटत नाही. आमच्या दुकानातल्या भावानं डाळ २८ रुपये, कणीक १४, तेल ५, लसूण-मिरची-कोथिंबीर १०, गूळ-चिंच-मसाला ८. झाले ६५. तुपाची धार पाच ताटांवर धरली तर आणखी ३५. म्हणजे पाच माणसांचं जेवण शंभरात, आणि त्यातली एक तृतीयांशाहून जास्त रक्कम तुपाची. गॅस धरलेला नाही. माझा पावणेदोन तासही धरलेला नाही.

हा पावणेदोन तास मला खटकला. लेकीची मैत्रीण चार डबे फोडते, कालवते, ओव्हनमध्ये ढकलते आणि अभ्यासाला बसते. चकोल्यांना असं ढकलून बसता येत नाही. शेवटची वीस मिनिटं पातेल्यासमोर उभं राहावं लागतं, आणि झाल्या की लगेच खावं लागतं, कारण त्या थांबत नाहीत. ताटात वाढेपर्यंत दाटतात. तासाभरानं चमचा उभा राहतो. म्हणून आमच्याकडे चकोल्या झाल्या की आई आधी हाकाटी करायची, "चला, बसा, चकोल्या वाट बघत नाहीत." अण्णा, आजी, आम्ही तिघं भावंडं पंगतीला. आई वाढायला. आणि सगळे उठेपर्यंत पातेल्यात उरलेला असायचा एक घट्ट गोळा. तो ती पातेल्यातच घेऊन, चुलीपाशी बसून खायची.

इथे मला लेखाचा विषय सापडला असं वाटलं. गरम, पातळ, तुपाची धार घातलेली चकोली आम्हाला, आणि थिजलेला गोळा आईला. स्वस्त जेवणाचं बिल कोणीतरी असं भरतच असतं. डोळे जरा ओलेही झाले. मनात पहिली दोन वाक्यं तयार झाली.

*

पण लेखाआधी संपाबद्दल सांगायला हवं, कारण चकोल्या सगळ्यात जास्त झाल्या त्या संपात.

डिसेंबर १९७७. महाराष्ट्रातल्या सरकारी आणि जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांनी, शिक्षकांनी संप पुकारला. तो ५४ दिवस चालला, फेब्रुवारीत मिटला. मी नऊ वर्षांचा. माझ्या आठवणीत तो संप म्हणजे न संपणारी सुट्टी. शाळा बंद, अण्णा सकाळी सभेला, मोर्चाला. आम्ही पोरं दिवसभर उंडारायचो. शेतात हुरड्याचे दिवस, ओला हरभरा, तुरीच्या हिरव्या शेंगा. खिसे भरून शेंगा आणायच्या आणि आईच्या पुढ्यात ओतायच्या, की ती संध्याकाळी मीठ घालून उकडायची. मधेच संक्रांत आली. भोगीची भाजी आणि बाजरीची भाकरी झाली. गुळाच्या पोळ्या झाल्या नाहीत, पण कोणा तरी एका घरून आल्या. आणि दर दोन दिवसांनी चकोल्या. मला तर वाटायचं, आईला आमची मजा कळली आहे म्हणून ती आमच्या आवडीचं करते.

आता तारखा नीट मांडून पाहिल्या. वर्षाची डाळ मार्चमध्ये भरलेली. डिसेंबरात डबा तळाला. नवी तूर शेतात उभी, बाजारात जेमतेम येऊ लागलेली. म्हणजे संप आला तो बरोबर डब्याच्या तळाशी. वर्षातला सगळ्यात वाईट मुहूर्त. आणि तरी दोन दिवसांआड चकोल्या, आजीला धरून सहा माणसांच्या. डाळ आली कुठून?

हा प्रश्न मला तेव्हा पडायचं कारण नव्हतं. नंतरची सत्तेचाळीस वर्षं पडला नाही, याचं मात्र नवल वाटलं. आमच्या घरात आठवणी निघाल्या की त्या पदार्थांच्या निघतात. बहात्तरच्या दुष्काळाचं आईला विचारा, ती मिलोच्या भाकरीचं सांगेल. अमेरिकेहून आलेली ती लाल ज्वारी, भाकरी थापताना कशी तुटायची, आजी तिला कशी शिव्या द्यायची, दुष्काळी कामावरच्या बायका पोरांसाठी तिथं मिळणारी सुकडी पदरात कशी बांधून आणायच्या. २०१५ मध्ये तूरडाळ दोनशे रुपये किलोवर गेली तेव्हाचं विचारा, ती सांगेल की अर्धी मसूर घातली आणि कोणाला कळलंसुद्धा नाही. पदार्थ सांगितला की बाकीचं सांगावं लागत नाही.

तर मी आईसमोर जाऊन बसलो. आधी गोळ्याचं काढलं. आवाज जरा मऊ केला होता.

"आई, तू कायम शेवटी जेवायचीस. चकोल्यांचा गोळा झालेला असायचा."

"मग?"

"म्हणजे आम्हाला सगळं गरम गरम, आणि तुला..."

ती माझ्याकडे बघत राहिली. मग हसायलाच लागली. आईला हसताना खोकला येतो. पाणी दिलं.

"अरे, तुम्ही पोरं पातळ-पातळ ओरपून उठायचात," ती म्हणाली. "पातेलं निखाऱ्यावर तसंच ठेवायचं. कडेनं कच्च्या तेलाची धार सोडायची. झाकण. तुमची उष्टी काढून होईस्तोवर खाली अशी खरवड धरायची! तांबूस. वर मऊ गोळा, खाली खरवड, लसणाची चटणी. ते कोणी मागितलं नाही, मी कशाला सांगू?"

माझी दोन वाक्यं गेली.

"म्हणजे तुला घट्टच आवडतात?"

"मला खरवड आवडते. तुझ्या आजीलाही आवडायची. तिला दात नव्हते म्हणून वाचली."

मला लेकीचं बोलणं आठवलं. त्या चौघी कॅसरोलच्या कोपऱ्यांवरून भांडतात म्हणे. कोपऱ्यात दोन्ही बाजूंनी खरपूस झालेलं चीज असतं, म्हणून. भांड्याला कोपरे चारच, माणसंही चार, तरी भांडण. आई इतकी वर्षं न भांडता सगळे कोपरे एकटी खात होती.

मग मी डाळीचं विचारलं. संपात डाळ कुठून आली?

आता ती लगेच बोलली नाही. चष्मा काढून पदरानं पुसला.

"उधारीवर. दुसरी कुठून?"

किराण्याचं दुकान कोपऱ्यावर होतं. शेठजींची लाल कापडी पुठ्ठ्याची वही, तिच्यात आमचं पान. एरवी अण्णा पगार झाला की जाऊन चुकतं करायचे. संपात पहिला महिना गेला, पगार नाही, पान भरलं. अण्णा दुकानात जाईनात. मास्तर माणूस. शेठजींचा मुलगा त्यांच्याच वर्गात. समोर उभं राहून आणखी दोन किलो डाळ द्या म्हणायचं त्यांच्यानं होईना. ते मोर्चाला जायचे, घोषणा द्यायचे, दुकानावरून जाताना मात्र पलीकडच्या बाजूनं चालायचे. आजीनं जायचा प्रश्न नव्हता. राहिली आई.

"मी दुपारी जायची. दोनच्या पुढं. तेव्हा दुकानात गिऱ्हाईक नसायचं."

"शेठजी काही बोलायचे?"

"कधी नाही. चांगला होता माणूस. मुकाट्यानं मापायचा, वहीत लिहायचा. पण दुपारीच जायचं, हे मला कळत होतं, त्यालाही कळत होतं. एकदा मी गेले तर तुझ्या शाळेतल्या एक बाई तिथं आधीच उभ्या. त्यांच्याही घरी संपच. आम्ही दोघी एकमेकींकडं बघितलं नाही. त्या खडीसाखर घ्यायला आल्यासारखं करत होत्या, मी काड्याची पेटी. शेवटी त्या खडीसाखर घेऊन गेल्या. नुसती खडीसाखर! घरी काय शिजवलं असेल त्या दिवशी."

ती थांबली. मग म्हणाली, "चकोल्यांचं काही नाही रे. लाटल्या, कापल्या, टाकल्या. तो काय स्वयंपाक आहे? दुकानात जायचं होतं."

मी काही बोललो नाही. पावणेदोन तासांचा माझा हिशेब फ्रीजवर चुंबकाखाली लावलेला होता. २८, १४, ५, १०, ८. तो कागद एकदम शाळकरी वाटायला लागला. हिशेबात लसूण होता, तूप होतं, गॅस धरला नाही याची प्रामाणिक नोंदही होती.

"फिटली कधी उधारी?"

"पाडव्यापर्यंत. मग तूर भरली नाही त्या वर्षी. पायलीपायलीनं घेतली." आणि जरा थांबून, "मला बरंच वाटलं. जातं ओढायचं वाचलं."

*

रविवारी परत केल्या. लेकीचा फोन चालू होता. मिनियापोलिसात सकाळ, बाहेर बर्फ, आणि तिनं त्या काचेच्या भांड्यात चकोल्या बेक करून बघायचं ठरवलं होतं. वर चीज घालून. आईनं मान हलवली, पण अडवलं नाही. फक्त विचारलं, "आधी आमटी उकळतेस ना? गार आमटीत नको टाकू." लेकीनं हो म्हटलं. तिच्याकडे काळा मसाला होता, चिंच नव्हती, म्हणून तिनं लिंबू पिळलं होतं. गूळ होता, कोल्हापूरचा, तिथल्या दुकानात मिळालेला, आणि तो इथल्यापेक्षा चांगला दिसत होता. मैत्रिणीनं मागून डोकावून विचारलं, यात सूपचा डबा कुठे आहे? लेकीनं कुकरकडे बोट दाखवलं.

इकडे मी लाटत होतो. माझ्या पोळ्या गोल होत नाहीत, पण शंकरपाळ्या कापायच्या म्हटल्यावर नकाशाला महत्त्व नाही. कडेचे वेडेवाकडे तुकडे मी बाजूला काढत होतो. आईनं ते उचलून आमटीत टाकले. टाकून द्यायचे नाहीत, तेही चकोल्याच. शेजारच्या गॅसवर आधणाचं पाणी ठेवलं होतं, दाटलं तर घालायला. गार पाणी घातलं तर उकळी मोडते, पिठूळ वास येतो.

या वेळी मी आईला आधी बसवलं. टेबलाशी, पहिल्या पानाला. बायकोनं वाढलं, वर तूप सोडलं. आईनं निमूटपणे दोन डाव पातळ चकोल्या खाल्ल्या, मीठ बरं आहे म्हणाली, गूळ अंमळ जास्त आहे म्हणाली. मग आम्ही बसलो. पातेलं गॅसवर, ज्योत अगदी बारीक. फोनमध्ये लेकीचा ओव्हन वाजला, तिकडे एकदम कल्ला झाला, कोपऱ्यांची वाटणी चालली होती.

जेवण उरकलं. मी पातेलं उचलून सिंककडे निघालो, डाव घेतला आणि तळ खरवडायला लागलो.

"अरे ए," आई टेबलावरून म्हणाली. "ते खालचं माझं आहे."

मी पातेलं परत गॅसवर ठेवलं. तिनं तेलाची बुधली मागितली.